जुना मदरबोर्ड, नवं विंडोज आणि मधला ड्रायव्हर

बंगळुरूच्या टाउन हॉलकडून जे. सी. रोड सोडून आत शिरलं की सदर पत्रप्पा रोड लागतो. हे पूर्ण नाव पाटीपुरतं. बोलण्यात तो एस. पी. रोडच. संगणकाच्या सुट्या भागांची ही नावाजलेली पेठ. नव्या ग्राफिक्स कार्डांच्या खोक्यांशेजारी इथे एच ६१, एच ८१, क्वचित जी ४१ चिपसेटचे जुने मदरबोर्डही विकायला असतात आणि त्यांना गिऱ्हाईकही असतं. १४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चा नेहमीचा आधार संपला. नोंदणी करणाऱ्या घरगुती ग्राहकांना सुरक्षेची अपडेट १३ ऑक्टोबर २०२६ पर्यंत मिळतील, पुढे नाही. नेहमीचा आधार संपल्यापासून दहा-बारा वर्षांच्या यंत्रात एसएसडी बसवून विंडोज ११ चढवून घेणाऱ्यांची वर्दळ वाढली आहे. यंत्र सुरू होतं, इंटरनेट चालतं, प्रिंटर चालतो, टॅलीही चालतं. चालत नाही ते बोर्डाच्या कंपनीनंच दिलेलं सॉफ्टवेअर: पंख्याचा वेग, प्रोसेसरचा क्लॉक आणि व्होल्टेज हाताळणारं. पडद्यावर चौकट येते की अमुक एक ड्रायव्हर या यंत्रावर लोड होऊ शकत नाही. असुसच्या बोर्डावर त्या चौकटीत बहुधा एएसआयओ या फायलीचं नाव असतं.

निपाणीकडचा एक तंत्रज्ञ तिथल्या एका गाळ्यात बसतो. अशा गिऱ्हाइकाला तो मराठीत एवढंच विचारतो, "काका, तुम्हाला पंखा हवाय की ते सॉफ्टवेअर हवंय?" बहुतेकांना पंखाच हवा असतो. हा प्रश्न त्यानं विचारला नसता तर हा लेख कदाचित फक्त 'कोणतं सॉफ्टवेअर कोणत्या विंडोजवर चालतं' याची यादी झाला असता, आणि ती यादी सहा महिन्यांत शिळी झाली असती.

माझं मत आधीच सांगून टाकतो. हे जुनं सॉफ्टवेअर नव्या विंडोजवर बंद पडलं ते बरंच झालं. पण ज्या बोर्ड कंपन्यांनी ते विकताना खोक्यावर मोठ्या अक्षरांत मिरवलं, त्यांनी नंतर ग्राहकाला वाऱ्यावर सोडलं. लोक राग काढतात मायक्रोसॉफ्टवर. रागाचा पत्ता चुकलेला आहे.

हे कळण्यासाठी ही सॉफ्टवेअर नेमकं करतात काय, ते जवळून पाहावं लागतं. जवळजवळ प्रत्येक मदरबोर्डवर सुपर आयओ नावाची एक लहानशी चिप असते, बहुधा आयटीई किंवा नुव्होटॉन (पूर्वीची विनबाँड) या कंपनीची. जुने कीबोर्ड-माऊसचे गोल पोर्ट, सिरियल पोर्ट आणि पंखे-तापमान-व्होल्टेज यांची देखरेख, हा तिचा संसार. तिच्याशी बोलायची रीत जुनाट आहे. षोडशमान पद्धतीतल्या २ई या पोर्टवर ठरावीक आकडे लिहायचे की चिप ऐकायला तयार होते. विनबाँडच्या चिपला ८७ दोनदा लिहावं लागतं, आयटीईला ८७, १, ५५, ५५. मग एका पोर्टवर 'मला अमुक रजिस्टर हवं' असं सांगायचं आणि शेजारच्या पोर्टवर वाचायचं किंवा लिहायचं. पंखा एका फेरीत दोन पल्स देतो, चिप त्यांच्यामधला काळ मोजते, आणि जुन्या चिपांत १३,५०,००० ला त्या मोजणीनं आणि ठरलेल्या भाजकानं भागलं की मिनिटाला किती फेरे ते कळतं. मोजणी २२५ आणि भाजक २ असेल तर ३,००० फेरे. आत दडलेली जादू वगैरे काही नाही.

अडचण दोन ठिकाणी आहे. पहिली अशी की या संवादात दोन पावलं आहेत, आधी रजिस्टर सांगणं आणि मग लिहिणं. या दोन पावलांच्या मध्ये दुसऱ्या एखाद्या प्रोग्रामनं वेगळंच रजिस्टर सांगून ठेवलं, तर पहिल्याचं लिखाण भलत्याच जागी पडतं. तापमान अचानक उणे दाखवलं जाणं, पंखा मध्येच थांबणं, यांमागे पुष्कळदा हेच असतं. सीपीयू-झी, एचडब्ल्यूइन्फो, स्पीडफॅन यांसारखी साधनं लिहिणाऱ्या मंडळींनी यावर आपापसात एक तोडगा काढला होता: सर्वांनी एकाच नावाचं समाईक म्यूटेक्स वापरायचं, ते एकाकडे असताना दुसऱ्यानं चिपला हात लावायचा नाही. नियम कुठल्याही प्रणालीनं लादलेला नव्हता, भल्या माणसांचा करार होता. खुद्द बोर्ड कंपन्यांची सॉफ्टवेअर तो नेहमी पाळत नसत, आणि दोन सॉफ्टवेअर एकत्र चालवू नका ही सूचना तेव्हापासूनची.

दुसरी अडचण मोठी. विंडोज ९५ आणि ९८ मध्ये कुठलाही प्रोग्राम हार्डवेअरच्या पोर्टवर थेट लिहू शकत असे. एनटीच्या घराण्यात, म्हणजे २०००, एक्सपी आणि पुढच्या सगळ्या विंडोजमध्ये, ही मुभा फक्त कर्नलला, म्हणजे व्यवहारात ड्रायव्हरला. प्रोसेसरची गुणक आणि व्होल्टेजची रजिस्टरं वाचण्या-लिहिण्याच्या सूचनाही तशाच राखीव. मग पंखा हळू करायचा तर ड्रायव्हर हवाच. नीट लिहायचं तर त्या ड्रायव्हरनं एवढंच काम करायचं: अमुक पंखा, अमुक वेग. पण दरवर्षी वीस-तीस नवे बोर्ड काढणाऱ्या कंपनीला प्रत्येक बोर्डासाठी नवा ड्रायव्हर लिहून, तपासून, सही करून घेणं परवडेना. म्हणून सगळ्यांनी एकच युक्ती केली. ड्रायव्हर सर्वसाधारण ठेवायचा: सांगाल त्या पोर्टवर लिहितो, सांगाल ती मेमरी वाचतो, सांगाल ते रजिस्टर बदलतो. बोर्डाचं ज्ञान वरच्या प्रोग्रामात ठेवायचं. सोसायटीच्या माळ्याला पाण्याची टाकी उघडता यावी म्हणून सगळ्या फ्लॅटना लागणारी एकच किल्ली द्यावी आणि ती वॉचमनच्या टेबलावर ठेवून द्यावी, तसा हा कारभार. आणि ही रीत फक्त कंपन्यांची नव्हती. १९९६ मध्ये डॉ. डॉब्ज जर्नलमध्ये गिव्हआयओ नावाचा एक चिमुकला ड्रायव्हर छापून आला होता, साध्या प्रोग्रामला सगळे पोर्ट मोकळे करून देणारा. स्पीडफॅनसारख्या नामांकित साधनानं पुढे तोच वापरला.

इतिहास थोडक्यात. १९९० च्या दशकात वेग बदलायचा तर बोर्डावरचे जंपर हलवावे लागत. अबिट या तैवानी कंपनीनं सॉफ्टमेन्यू आणून तेच काम बायोसच्या पडद्यावर आणलं. १९९८ मध्ये तिच्या बीएच ६ बोर्डावर ३०० मेगाहर्ट्झचा सेलेरॉन ३००ए बस ६६ वरून १०० करून ४५० वर पळवणं हा एका पिढीचा छंद झाला. लक्षात घ्या, तो सगळा खेळ बायोसमधला होता. विंडोजमधून हे करायची हौस नंतरची: गिगाबाइटचं ईझीट्यून, असुसचं पीसी प्रोब आणि मग एआय सूट, एमएसआयचं कोअर सेंटर, एनव्हीडियाचं एनट्यून, एएमडीचं ओव्हरड्राइव्ह, इंटेलचं एक्सटीयू. बोर्डांची स्पर्धा अटीतटीची होती आणि चिपसेट सगळ्यांचा सारखाच, तेव्हा वेगळेपण दाखवायला रंगीत डायल आणि 'टर्बो' लिहिलेलं बटण कामी येई. यातली निम्मी नावं आज इतिहासजमा आहेत. अबिटनं २००८ च्या अखेरीस मदरबोर्डांचा धंदाच बंद केला.

आता दारं कशी बंद होत गेली ते पाहू. व्हिस्टाच्या ६४ बिट आवृत्तीनं, जानेवारी २००७ मध्ये, सही नसलेला कर्नल ड्रायव्हर नाकारायला सुरुवात केली. त्या दिवशी हौशी मंडळींची कितीतरी साधनं अडली. मोठ्या कंपन्यांना मात्र फरक पडला नाही, कारण त्यांनी प्रमाणपत्र विकत घेऊन तोच सर्वसाधारण ड्रायव्हर सहीसकट दिला. सही ड्रायव्हर कुणाचा हे सांगते, तो कसा आहे हे सांगत नाही. पुढे विंडोज १० च्या १६०७ या आवृत्तीपासून, म्हणजे २०१६ पासून, नव्या ड्रायव्हरवर मायक्रोसॉफ्टचीच सही लागू लागली. पण २९ जुलै २०१५ च्या आधी दिलेल्या प्रमाणपत्रांच्या ड्रायव्हरांना सूट राहिली. त्यामुळे एक उफराटी स्थिती आली: नव्यानं नीट लिहिलेला ड्रायव्हर अडायचा आणि दहा वर्षांपूर्वीचा गचाळ ड्रायव्हर सुखरूप आत जायचा. २०१५ ते २०२१ या काळात लोकांचा अनुभव 'जुनंच बरं चालतं' असा होता, त्याचं कारण यातच आहे.

मग चोर आले. डिसेंबर २०१८ मध्ये सिक्युअरऑथच्या संशोधकांनी गिगाबाइटच्या जीडीआरव्ही ड्रायव्हरमधल्या आणि असुसच्या ऑरा सिंकबरोबर येणाऱ्या ड्रायव्हरांमधल्या उणिवा जाहीर केल्या. त्याआधी ऑक्टोबरमध्ये एएसरॉकच्या ए-ट्यूनिंग आणि एफ-स्ट्रीमच्या ड्रायव्हरबद्दल हेच निघालं होतं. ऑगस्ट २०१९ मध्ये इक्लिप्सियम या कंपनीनं लास व्हेगासच्या डेफकॉन परिषदेत सरळ यादीच मांडली: वीस कंपन्यांचे चाळीसहून अधिक ड्रायव्हर, सगळे रीतसर सहीचे, सगळे कुठल्याही साध्या प्रोग्रामला कर्नलपर्यंत नेणारे. फेब्रुवारी २०२० मध्ये सोफोसनं दाखवून दिलं की रॉबिनहूड नावाच्या खंडणीखोर टोळीनं गिगाबाइटचा तोच ड्रायव्हर प्रत्यक्ष वापरला. पद्धत साधी होती: स्वतः तो ड्रायव्हर घेऊन यायचं, बळीच्या यंत्रावर बसवायचा, त्याच्या जोरावर सहीची तपासणी बंद करायची आणि मग आपला दुसरा ड्रायव्हर आणून अँटिव्हायरस मारायचा. इथे एक गोष्ट नीट लक्षात घ्यायची. त्या बळीच्या यंत्रात गिगाबाइटचा बोर्ड असायचीसुद्धा गरज नव्हती. हैदराबादच्या एखाद्या इस्पितळातला ब्रँडेड पीसीही तैवानच्या गेमिंग ड्रायव्हरनं फोडता येत होता. ऑक्टोबर २०२२ मध्ये ब्लॅकबाइट टोळी एमएसआय आफ्टरबर्नरच्या आरटीकोअर ६४ ड्रायव्हरबाबत तेच करताना सापडली.

म्हणून 'माझ्या घरच्या यंत्रावर मी काय चालवतो ते माझं मी बघेन' हा युक्तिवाद पुरा पडत नाही. ड्रायव्हर बाजारात सहीसकट फिरतो तोवर तो सगळ्यांच्याच यंत्रावर चालू शकतो. त्याला रोखायचं तर प्रणालीनंच रोखायला हवं.

मायक्रोसॉफ्टनं रोखलं, पण उशिरा आणि गबाळेपणानं. धोकादायक ड्रायव्हरांची यादी तिनं ठेवली होती. ऑक्टोबर २०२२ मध्ये उघड झालं की विंडोज १० च्या असंख्य यंत्रांवर ती यादी जवळजवळ तीन वर्षं ताजी झालेलीच नव्हती. विंडोज ११ च्या २०२२ च्या अपडेटपासून, म्हणजे २२एच२ पासून, ही यादी सगळ्या यंत्रांवर आपोआप लागू झाली. हिच्या जोडीला मेमरी इंटिग्रिटी नावाचा दुसरा पहारा आहे: कर्नलमध्ये काय चालवायचं याचा निवाडा व्हर्च्युअलायझेशनच्या आडून, कर्नलच्याही बाहेर होतो. जुन्या ड्रायव्हरांची मेमरी वापरण्याची ढिलाई त्याला चालत नाही.

या दोन पहाऱ्यांची लोक गल्लत करतात, आणि एस. पी. रोडवरच्या सल्ल्यांमध्ये ही गल्लत मी वारंवार ऐकतो. मेमरी इंटिग्रिटी नव्या यंत्रांवर, नव्यानं विंडोज ११ टाकल्यावर आपोआप चालू होते. एच ६१ वर युक्तीनं चढवलेल्या विंडोज ११ मध्ये ती बहुधा बंदच असते, कारण त्या पिढीचा प्रोसेसर मायक्रोसॉफ्टच्या अटींत बसत नाही. अशा यंत्रावर ती 'बंद करा' हा सल्ला निरर्थक आहे. तिथे अडवते ती ड्रायव्हरांची यादी. उलट २०१७ च्या झेड ३७० बोर्डावर आठव्या पिढीचा प्रोसेसर असेल, तर अडवणारे दोन्ही असू शकतात. आणि जी ४१ वर कोअर २ असेल तर हा प्रश्नच उद्भवत नाही: विंडोज ११ ची २४एच२ आवृत्ती ज्या सूचना मागते त्या या प्रोसेसरात नाहीत, ती सुरूच होणार नाही. तो बोर्ड घ्यायला आलेल्याला हे आधी सांगणारा दुकानदार भेटला तर नशीब.

मार्च २०२५ मध्ये आणखी एक धक्का बसला. विनरिंग० नावाचा एक मुक्त ड्रायव्हर आहे; क्रिस्टलडिस्कमार्कच्या जपानी लेखकानं लिहिलेला. पंखे, तापमान, रंगीत दिवे यांची अगणित लहान साधनं त्याच्यावर उभी होती, कारण वैयक्तिक प्रोग्रामरला स्वतःच्या ड्रायव्हरवर सही करून घेणं खर्चिक पडतं. त्यातली उणीव २०२० पासून नोंदलेली होती. विंडोज डिफेंडरनं त्याला एके दिवशी हॅकटूल म्हणून पकडायला सुरुवात केली आणि फॅन कंट्रोलसारखं लाडकं साधनही रात्रीत संशयित ठरलं. इथे मला मायक्रोसॉफ्टपेक्षा त्या एकट्यादुकट्या लेखकांची कीव आली. त्यांनी हात-पाय गाळले नाहीत. पॉनआयओ नावाचा नवा ड्रायव्हर आला, ज्यात सगळं मोकळं नसून प्रत्येक चिपसाठी वेगळं, तपासलेलं छोटं मॉड्यूल असतं. फॅन कंट्रोल आणि लिब्रे हार्डवेअर मॉनिटर त्याच्यावर गेले. म्हणजे जे काम अब्जावधींच्या कंपन्यांना पंधरा वर्षं 'परवडत नव्हतं', ते फुकट काम करणाऱ्यांनी करून दाखवलं.

कंपन्यांचं काय? आढावा घ्यायचा तर चित्र एकसारखं नाही. असुसनं एआय सूट ३ च्या काही आवृत्त्या विंडोज ११ साठी काढल्या, पण त्या निवडक बोर्डांच्या पानांवर. जुन्या बोर्डांचे मालक शेजारच्या मॉडेलच्या पानावरून तीच फाइल उतरवून नशीब आजमावतात. कधी चालते, कधी अर्धी चालते, आणि मग ती पुसून टाकायला असुसचंच वेगळं साफसफाईचं साधन लागतं. पुढचा मान आर्मरी क्रेटला मिळाला. तोही निष्कलंक नाही: जून २०२५ मध्ये सिस्कोच्या टॅलोस गटानं दाखवलं की त्याचा एएसआयओ ३ ड्रायव्हर 'आपला प्रोग्राम कोणता' हे एका फायलीच्या ठशावरून ओळखतो, आणि फायलीचा दुवा ऐनवेळी बदलून त्याला फसवता येतं. गिगाबाइटनं ईझीट्यून आधी ॲप सेंटरात आणि मग कंट्रोल सेंटरात घातलं. ॲप सेंटर आपणहून उतरवण्याची सोय तिनं बोर्डाच्या फर्मवेअरमध्येच बसवली होती, आणि मे २०२३ मध्ये इक्लिप्सियमनं ती असुरक्षित असल्याचं अडीचशेहून अधिक मॉडेलांबाबत जाहीर केलं. एमएसआयची वाट कमांड सेंटर, ड्रॅगन सेंटर, एमएसआय सेंटर अशी नावं बदलत गेली, आणि प्रत्येक नव्या नावाबरोबर जुन्या बोर्डांची एक खेप मागे राहिली. एएमडीचं ओव्हरड्राइव्ह रायझनपूर्व प्रोसेसरांपुरतं, रायझन मास्टर रायझनपासून पुढे. दोन्हींच्या मध्ये पूल नाही. रायझन मास्टर तर बराच काळ विंडोजचा व्हर्च्युअलायझेशनचा पहारा चालू असेल तर सुरूच होत नसे.

आपल्याकडे सर्वांत जास्त झळ लागली ती इंटेलच्या स्वतःच्या बोर्डांना. डीजी ३१पीआर, डीजी ४१आरक्यू ही नावं भारतात घरोघरी होती. शाळांच्या संगणक खोल्या, सायबर कॅफे, सीएंची कार्यालयं यांवर उभी होती. जानेवारी २०१३ मध्ये इंटेलनं हा धंदा आवरत असल्याचं सांगितलं. नोव्हेंबर २०१९ मध्ये तिनं जुन्या बोर्डांचे बायोस आणि ड्रायव्हर आपल्या संकेतस्थळावरून काढायला घेतले. पानांवर २२ नोव्हेंबर २०१९ नंतर हे मिळणार नाही अशी सूचना होती. सॉफ्टवेअर चालत नाही ही एक गोष्ट, पण बायोसची फाइलसुद्धा उचलून नेणं ही निव्वळ कंजुषी. काही मेगाबाइटांचा प्रश्न होता. आज त्या फायली हौशी संग्रहकांच्या कृपेनं मिळतात, खऱ्या की फेरफार केलेल्या हे पडताळायची सोय नसताना. गंमत म्हणजे याच इंटेलचं सहा गाभ्यांचा झिऑन ७४०० रचणारं पथक बंगळुरूचं. तो २००८ मध्ये बाजारात आला. एएमडीनं आपलं सर्वांत मोठं डिझाइन केंद्र नोव्हेंबर २०२३ मध्ये इथेच उघडलं. त्या कार्यालयांतून एस. पी. रोडला यायला रिक्षानं तासभर लागतो, एवढंच अंतर.

आणखी एक धागा आहे ज्याकडे फारसं कुणाचं लक्ष जात नाही. नवी प्रणाली जुनं सॉफ्टवेअर अडवते एवढंच नाही, ती प्रोसेसरही बदलते. इंटेलनं २०१४ मध्ये पेंटियम जी ३२५८ काढला. स्वस्त, दोन गाभ्यांचा, गुणक मोकळा. इंटेलच्या मते ओव्हरक्लॉकिंग झेड चिपसेटवरच व्हायला हवं होतं, पण बोर्ड कंपन्यांनी एच ८१ आणि बी ८५ वरही बायोसमधून ती सोय दिली. कमी पैशांत गेमिंग करणाऱ्या मुलांची चंगळ झाली. मग २०१५ मध्ये विंडोजनं नवा मायक्रोकोड आणला. मायक्रोकोड बायोसमधून येतो अशी आपली समजूत. पण विंडोजही सुरू होताना तो प्रोसेसरात भरू शकतं, त्यासाठी एमसीअपडेट नावाची फाइल असते. अशा अनेक यंत्रांवर विंडोज १० सुरूच होईना. लोकांनी एक गाभा बंद करून विंडोज चढवलं, ती फाइल हटवली आणि पुन्हा दोन्ही गाभे चालू केले. ड्रायव्हर नाही, ट्यूनिंगचा प्रोग्राम नाही, तरी सुसंगती मोडली. डिसेंबर २०१९ मध्ये प्लंडरव्होल्ट प्रकरण झालं: व्होल्टेज जपून कमी करून प्रोसेसरच्या सुरक्षित कप्प्यातली गणितं चुकवता येतात आणि त्यातून गुपितं काढता येतात, हे बर्मिंगहॅम, ल्यूव्हेन आणि ग्राझच्या संशोधकांनी दाखवलं. त्यानंतर इंटेलनं व्होल्टेजला कुलूप लावायची सोय दिली आणि पुष्कळ लॅपटॉपांवर एक्सटीयूमधली व्होल्टेजची पट्टी नुसती शोभेची उरली. लॅपटॉप थंड ठेवण्यासाठी व्होल्टेज उतरवणारे लोक यात विनाकारण भरडले गेले, हे मान्यच करायला हवं.

आता उपायांकडे. कंपॅटिबिलिटी मोड हा सर्वांत लोकप्रिय आणि सर्वांत निरुपयोगी. तो प्रोग्रामला 'हे विंडोज ७ आहे' असं सांगतो, काही जुन्या सवयी सांभाळतो; ड्रायव्हरला त्याचं सोयरसुतक नसतं. ३२ बिट प्रोग्राम ६४ बिट विंडोजवर चालतो, ३२ बिट ड्रायव्हर कधीच नाही, आणि विंडोज ११ ला ३२ बिट आवृत्तीच नाही. व्हर्च्युअल मशीनमध्ये विंडोज ७ टाकून एआय सूट चालवण्याची कल्पना ऐकायला हुशार वाटते, पण त्या आभासी यंत्रात खरा सुपर आयओ दिसतच नाही. पंखा कुणाचा फिरवणार? सहीची तपासणी एका सुरुवातीपुरती बंद करता येते, पुन्हा सुरू केलं की येरे माझ्या मागल्या. यादीचा पहारा सेटिंग्जमधून किंवा रजिस्ट्रीतून काढता येतो आणि बहुतेक व्हिडिओ तेच शिकवतात. ज्या यंत्रावरून बँकेचे व्यवहार होतात, दुकानाचं जीएसटी भरलं जातं, तिथे एका पंख्यासाठी हा पहारा काढायला मी कुणाला सांगणार नाही.

लिनक्सची वाट इथे खरंच विचारात घेण्याजोगी आहे. २००१ मध्ये लिनक्स बंगलोर म्हणून सुरू झालेली आणि पुढे एफओएसएस डॉट इन नावानं २०१२ पर्यंत चाललेली परिषद या शहरातली. तेव्हाची मंडळी अजून इथे आहेत. लिनक्समध्ये आयटीई आणि नुव्होटॉनच्या चिपांचे ड्रायव्हर कर्नलबरोबरच येतात, म्हणजे पंधरा वर्षांच्या बोर्डाचा पंखा नव्या कर्नलवरही ओळखीचा असतो. एलएम-सेन्सर्स टाकायचं, सेन्सर्स-डिटेक्ट चालवायचं, फॅनकंट्रोलला तापमानाच्या पायऱ्या सांगायच्या. कधी चिपवर बायोसनंही हक्क सांगितलेला असतो आणि कर्नलला सुरू होताना एक सवलतीचा पर्याय द्यावा लागतो, तो दोघांमधल्या त्याच जुन्या टकरीचा धोका पत्करून. क्लॉक-व्होल्टेजचं मात्र इथेही जपून. सिक्युअर बूट चालू असताना २०१९ च्या ५.४ आवृत्तीपासून आलेलं लॉकडाउन प्रोसेसरच्या रजिस्टरांवर बाहेरून लिहू देत नाही. म्हणजे ज्या निष्कर्षाला मायक्रोसॉफ्ट पोचली, त्याच निष्कर्षाला फायद्याचा हेतू नसलेली मंडळीही पोचली.

मग ट्यूनिंगनं जायचं कुठे? जिथून ते आलं तिथेच, बायोसमध्ये. पंख्याच्या तापमानानुसार पायऱ्या, मेमरीचं एक्सएमपी, गुणक, व्होल्टेज हे सगळं तिथे एकदा लिहिलं की विंडोज कुठलंही असो. तिथे सही लागत नाही आणि यादीही आडवी येत नाही. गमावतो ते एवढंच की बदल करून लगेच परिणाम पाहता येत नाही, दरवेळी यंत्र पुन्हा सुरू करावं लागतं. स्पर्धेसाठी ओव्हरक्लॉक करणाऱ्याला हे जाचक आहे. त्यानं वेगळ्या डिस्कवर, नेटशिवाय, विंडोज १० ठेवावं आणि खुशाल जुनं सॉफ्टवेअर चालवावं. बाकीच्यांसाठी एक गोष्ट सांगायची राहते. २०११ च्या सँडी ब्रिजपासून बेस क्लॉक चिपसेटच्या पोटात गेला आणि त्याच्यावर इतरही भाग चालू लागले. तो काही टक्क्यांपलीकडे हलवला तर साटा आणि पीसीआय डगमगतात. नावात 'के' नसलेल्या प्रोसेसराचा गुणकही जवळपास बांधलेला. एच ६१ वर ट्यून करण्यासारखं पंख्याशिवाय फारसं नाहीच. त्या बोर्डासाठी ट्यूनिंगचं सॉफ्टवेअर शोधत फिरणं म्हणजे नसलेल्या दुखण्यावर औषध.

बोर्ड कंपन्यांकडून मागायला हवं ते फार नाही. मॉडेलचं आयुष्य संपलं की शेवटचा बायोस आणि त्याचा ठसा कायम ठेवावा, आणि कोणती पंख्याची जोडणी चिपच्या कोणत्या टोकाला आहे एवढा एक कागद जाहीर करावा. तो कागद नसल्यामुळे लिनक्सचे आणि फॅन कंट्रोलचे लेखक प्रत्येक बोर्डावर अंधारात चाचपडतात. ग्राहक व्यवहार विभागानं डिसेंबर २०२२ मध्ये दुरुस्तीच्या हक्काचं संकेतस्थळ सुरू केलं, त्यात संगणकाच्या बोर्डाचा असा कागद मागण्याचा प्रयत्न ग्राहक संघटनांनी करून पाहायला हरकत नाही.

तोवर एस. पी. रोडवर जुना बोर्ड घेणाऱ्यानं पैसे देण्याआधी एक करावं. दुकानदाराला तो टेबलावर सुरू करायला सांगावं, डिलीट दाबून बायोसमध्ये जावं आणि पंख्याचं पान आहे का ते स्वतः पाहावं. काही स्वस्त एच ६१ बोर्डांत ते पानच नसतं, तिथे पंखा कायम पूर्ण वेगानं ओरडतो. पान असेल तर सीपीयूच्या पंख्याबरोबर केसच्या पंख्यालाही वेग देता येतो का, तीन तारांच्या पंख्याला देता येतो की फक्त चार तारांच्या, हे तिथेच तपासावं. घरी विंडोज १० वरून ११ वर जाणार असाल तर बोर्डाचं जुनं सॉफ्टवेअर आधी काढून टाका, नंतर नाही. काढण्याआधी त्यात ठेवलेले पंख्याचे आणि व्होल्टेजचे आकडे कागदावर उतरवून घ्या, कारण तेच आकडे बायोसमध्ये भरायचे आहेत. आणि बोर्डाच्या पानावर शेवटचा बायोस अजून दिसत असेल, तर तो आजच उतरवून पेन ड्राइव्हवर ठेवा.